डाव्या हाताचा निरोप

पुष्कळ वर्षं झाली. इतकी, की तेव्हा बोरजाईवाडीला यायला धड रस्ता नव्हता. जायला मात्र होता. त्या रस्त्यानं गावची बावीस माणसं लामावर गेली. लाम म्हणजे लढाई, तीही साहेबाची, समुद्रापलीकडची. आमच्या माणदेशात पाऊस वाट चुकायचा, पण भरतीचा जमादार कधी वाट चुकला नाही. बाविसांतले तेरा परत आले, आठांचे मेल्याचे कागद आले, आणि एकाचं काहीच आलं नाही. त्या एकाला गावापुढं उभं केलं ते पिराजी शिंप्यानं, म्हणून आज पिराजीची गोष्ट सांगायची.

पिराजीला आता सगळे पडदेबाबा म्हणतात आणि नाव घेताना कानाच्या पाळीला हात लावतात. जिवंत होता तेव्हा त्याला बसायला कुणी घोंगडं टाकत नव्हतं, हे आधीच सांगून टाकतो. माणूस शिंपी, पण ज्या मुलखात बायका लुगडं नेसतात आणि पुरुष धोतर, तिथं शिंप्यानं शिवायचं काय? कंटाळून तो मुंबईला गेला आणि मोडीत निघालेलं बायस्कोपचं यंत्र घेऊन आला. सोबत फितींचे सात डबे. बैलगाडीत यंत्र, डबे, गॅसची बत्ती आणि पडदा टाकला आणि गावोगाव हिंडायला लागला. असं म्हणतात, की तो पडदा अकरा धोतरांचा होता आणि त्यावर एकही शिवण दिसत नव्हती. मला विचाराल तर दिसत असणार. पडद्यावरची आगगाडी दर वेळी मधोमध जराशी उडायची, असं जुनी माणसंच सांगायची.

त्या सात डब्यांत अर्धं जग होतं. बर्फाचे डोंगर होते, पाण्यात उभी राहिलेली घरं होती, गाडी ओढणारी कुत्री होती, दगडी पुलावरून लगबगीनं जाणारी टोपीवाली माणसं होती. फीत मुकी, आणि डब्यावरचं नाव साहेबी अक्षरात. पिराजीला ते वाचता येत नव्हतं. तो एका हातानं दांडा फिरवायचा आणि तोंडानं मनाला येईल ते सांगायचा. बर्फाच्या मुलखाला कधी काशीच्या पुढचा देश म्हणायचा, कधी साहेबाचं आजोळ. स्वतः मुंबईच्या पुढं गेला नव्हता, पण लोकांना त्यानं कुठं कुठं फिरवून आणलं!

पडदा दोन खांबांना बांधायचा. एका अंगाला पुरुष आणि यंत्र, दुसऱ्या अंगाला बायका. सासरे आणि दीर बसलेत तिथं लेकीसुनांनी मान वर करून बघायचं कसं, म्हणून त्यांनी मागून बघायचं. पण कोरड्या कापडातून मागं काही दिसत नाही. मग पिराजी हाळी द्यायचा, "पडदा भिजवा, बायांनो!" बायका तांब्यातांब्यानं पाणी मारायच्या आणि ओल्या कापडातून उजेड पलीकडं झिरपायचा. विहिरीचा तळ दिसत असला तरी पडद्याला पाणी कधी कमी पडलं नाही.

आता मागून बघितलं की चित्र उलटं दिसतं. उजवं ते डावं, डावं ते उजवं. पण हे कुणाच्या ध्यानातच आलं नव्हतं. बोरजाईवाडीत पडद्याच्या एका टोकाला देऊळ होतं आणि दुसऱ्या टोकाला विहीर. आगगाडी देवळाकडून विहिरीकडं गेली, की ती पुरुषांनाही देवळाकडून विहिरीकडं जाताना दिसायची आणि बायकांनाही. भांडायला कारणच नव्हतं. हे उलटसुलट ठाऊक होतं एकट्या पिराजीला, आणि त्यालाही ते कुणाला सांगावं असं कधी वाटलं नाही.

आठ-नऊ वर्षं हिंडून पिराजी थकला. दांडा फिरवून उजवा खांदा गेला, ओरडून घसा गेला, बैल म्हातारे झाले. पण असं म्हणतात, की त्याला खरं थकवलं ते एका प्रश्नानं. कुठल्याही गावात जा, बर्फ बघून झाला, पूल बघून झाला, की मागच्या अंगाकडून एखादी म्हातारी विचारायचीच, "बाबा, तुझ्याकडं लाम हाय का?"

लामावर गेला, लामावर गेला, असं ऐकून ऐकून बायांना वाटायचं, लाम हे गावाचं नाव. जसं फलटण, जसं विटं, तसं लाम.

पिराजी सांगायचा, "आई, लाम म्हंजी गाव न्हवं. लढाईला लाम म्हनत्यात."

"आसंना का," म्हातारी म्हणायची, "पर माझा ल्योक गेलाय कुठं? जिथं गेलाय ती जागा आसंल का न्हाई?"

 गावोगाव तेच. शेवटी एका उन्हाळ्यात, कुठल्याशा वाडीत, घसा बसलेला, अंगात कणकण, तेव्हा त्यानं सातवा डबा उघडला. त्यात कुठलंसं बंदर होतं. मोठी आगबोट, तिला लावलेली फळी, आणि फळीवरून पोती उतरवणारे काळेसावळे हमाल. त्यांतला मुंडासंवाला एकजण फळीवरच थांबतो, सरळ आपल्याकडं बघतो, हात वर करतो आणि जातो. पिराजीनं दांडा फिरवला आणि म्हणाला, "ही बगा लाम."

 मागच्या अंगाला कुणीतरी पदरात तोंड घालून रडल्याचा आवाज आला. त्या दिवसापासून लाम दाखवल्याशिवाय पिराजीला कुठल्या गावानं सोडलं नाही.

अशी ती लाम बोरजाईवाडीला आली.

ज्याचं काहीच आलं नव्हतं तो केरू. ठकूआईचा लेक. आधीची चार लेकरं गेली, म्हणून दृष्ट लागू नये अशा बेतानं ह्याचं नाव केरावरून केरू ठेवलं. पोरगं जगलं, पण निघालं डावखुरं. डाव्या हातानं जेवायचं, डाव्या हातानं दगड मारायचं, देवीचा अंगारासुद्धा डाव्याच हातात घ्यायचं. ठकूआईनं त्या हातावर उलथनं मारलं, हात कमरेला बांधून ठेवला, काही उपयोग झाला नाही. लामावर निघाला तेव्हा शिवेवरून त्यानं वळून हात केला तोही डावाच. गावानं कपाळाला हात लावला. डाव्या हाताचा निरोप, हा कसला परत येतोय!

सहा वर्षं झाली. केरूची बायको गौरा सासरी आली तेव्हा लहान होती, आता एकोणीस वर्षांची झाली होती. कुंकू लावायचं तरी कुणाचं आणि पुसायचं तरी कसं, अशी तिची गत. शेवटी पाटलानं आणि चार वडीलधाऱ्यांनी ठरवलं, की बोरजाईची जत्रा झाली की तिसऱ्या दिवशी पळसाच्या पानांचा पुतळा करायचा आणि केरू म्हणून त्याला अग्नी द्यायचा. मग गौराचा भाऊ येऊन तिला घेऊन जाईल आणि दुसऱ्या घरी तिचा पाट लावून देईल. पाटील वाईट माणूस नव्हता. त्याला पोरीची दया येत होती.

ठकूआई म्हणाली, "पानं जाळून मानूस मरतो व्हय?" पण तिचं कोण ऐकतो.

जत्रेच्या दिवशी दिवेलागणीला पिराजीनं पडदा बांधला. बायांनी पाणी मारलं. बर्फ झाला, कुत्री झाली, आणि मग लाम लागली. मुंडासंवाला थांबला, त्यानं बघितलं, हात वर केला. आणि मागच्या अंगाला ठकूआई ताडकन उठली.

"माझा केरू! डावा हात केला बगा त्यानं! माझा केरू हाय त्यो!"

पुढच्या अंगाला पुरुष उभे राहिले. "म्हातारे, येडी का काय! उजवा हात केलाय."

"डावा!" बायका म्हणाल्या.

"उजवा!"

पाटील पंचाईतीत पडला. त्यानं मोठ्यानं विचारलं, "देवळाच्या अंगाचा का विहिरीच्या?"

"विहिरीच्या!" दोन्ही बाजूंनी एकदम उत्तर आलं. मग तर कुणालाच काही कळेना. सगळे गाडीकडं वळले. पाटील म्हणाला, "पिराजी, यंत्र तुझं, लाम तुझी. तूच सांग. ठकूआईनं बगितलं ते खरं का खोटं?"

पिराजी गाडीच्या दांडीला टेकून उभा होता. खांद्यात कळ येत होती. पडद्याखालच्या फटीतून त्याला ठकूआईचे पाय दिसत होते, पाण्यानं भिजलेले, धुळीनं माखलेले, चवड्यांवर उचललेले. खरं सांगायला जी ताकद लागते ती त्याच्या अंगात त्या दिवशी उरली नव्हती. ती काही फार मोठी ताकद नसते, पण तेवढीही नव्हती.

"म्हातारीनं बगितलं ते खरं," तो म्हणाला.

पुतळा झाला नाही. पळसाची पानं शेळ्यांनी खाल्ली. गौराचा भाऊ आला तसा परत गेला, आणि गौरा कपाळाला कुंकू लावून ठकूआईच्या घरी राहिली.

त्यानंतर दर जत्रेला पिराजीला बोरजाईवाडीला यावंच लागायचं. पडद्याला पहिला तांब्या ठकूआईचा. ती अगदी पुढं, पडद्याला नाक लागेल इतकी जवळ बसायची. मुंडासंवाल्यानं हात केला की तीही हात करायची, डावा. वर्षातून एकदा, पाच-सहा श्वास पुरेल इतकी मायलेकरांची भेट. फीत झिजत चालली, तिच्यावर उभे चरे पडले. पडद्यावर ते पावसासारखे दिसायचे. ठकूआई घरी जाताना म्हणायची, "तिकडं यंदाबी पाऊस चांगला झालाय. पोटाला मिळत आसंल."

पिराजी हे ऐकायचा आणि डबे आवरायचा. असं म्हणतात, की त्या वर्षांत त्याचे केस एका जत्रेपासून दुसऱ्या जत्रेपर्यंत पांढरे झाले. दुसऱ्या गावी जाताना बैल आपले आपण चालायचे आणि पिराजी गाडीत डोळे उघडे ठेवून पडून असायचा. इतक्या दूरदूरच्या मुलखांचा मालक, पण त्याला कुठंही जावंसं वाटत नव्हतं.

पाचव्या जत्रेला, भर दुपारी, तो विहिरीवर पडदा धूत होता. गौरा घागर घेऊन आली. घागर खाली ठेवली, पण पाणी काही काढेना.

"बाबा," ती म्हणाली, "ग्येल्या जत्रंला मी पुरुषांच्या अंगाला बसले हुते. घोंगडं पांघरून."

पिराजीचे हात थांबले.

"त्यो मानूस उजव्या हाताचा हाय," गौरा म्हणाली. "मला पयल्यापासनं शंका हुती. दोनी अंगांनी विहिरीचाच हात, मग आमाला डावा आन् पुरुषांस्नी उजवा कसा दिसंल? वरीसभर कुणाला बोलले न्हाई. आत्याबाईस्नी सांगाय जाते आन् तोंडच उघडत न्हाई. रोज सांजच्याला त्या दारात बसून मला इचारत्यात, आज त्यानं काय खाल्लं आसंल गं. मी सांगते, भाकरी. बाबा, मी दमले. मला एकटीला हे वझं उचलंना झालंय. लबाडी तुमची हाय, तुमीच उचला."

ती रडली नाही. घागर तशीच रिकामी घेऊन निघून गेली. पिराजी कितीतरी वेळ ओला पडदा मांडीवर घेऊन बसून राहिला.

त्या संध्याकाळी पडदा बांधून झाला. पिराजी मागच्या अंगाला गेला आणि ठकूआईला म्हणाला, "आई, आज तू पुढनं बगायचं. माझ्या गाडीजवळ ये."

बाई पुरुषांच्या अंगाला! गाव कुजबुजलं. ठकूआई पदर कपाळापर्यंत ओढून आली आणि गाडीच्या चाकाजवळ उभी राहिली. पिराजी गाडीवर चढला. असं म्हणतात, की त्याचा बसलेला घसा त्या वेळी एकदम मोकळा झाला आणि आवाज डोंगरापर्यंत गेला.

"मागनं बगितलं की उजवं ते डावं दिसतं," तो म्हणाला. "त्यो मानूस डावखुरा न्हाई. ही लाम बी न्हवं. ही जागा कुठली, मला ठावं न्हाई. पयल्या दिवशीच मला हे ठावं हुतं. मी खोटं बोललो."

 मग पाटील काठी घेऊन उठला आणि त्याच्यामागं दहा-बारा गडी उठले. गाडी उलटली असती आणि पिराजीची हाडंही मोडली असती. ठकूआई चाकाला पाठ लावून उभी राहिली.

"बसा खाली," ती म्हणाली. "आदी मला बगू द्या."

पिराजीनं दांडा धरला. उजवा खांदा उचलेना, म्हणून डाव्या हातानं फिरवायला लागला. बोट आली. फळी आली. पोती उतरली. मुंडासंवाला थांबला, त्यानं सरळ बघितलं आणि हात वर केला. उजवा. ठकूआईला आता स्पष्ट दिसला.

"जरा थांबीव त्याला," ती म्हणाली.

फीत थांबवली की बत्तीच्या आचेनं पेटते, हे बायस्कोपवाल्याला सांगावं लागत नाही. पिराजीनं दांडा थांबवला.

माणूस फळीवर हात वर करून उभा राहिला. आजवर पाच-सहा श्वासांत निघून जाणारा, पहिल्यांदाच थांबला. आणि असं म्हणतात, की दोन्ही अंगांनी सगळा गाव बघत असताना त्यानं दुसराही हात वर केला. दोन्ही हात वर. पुढून बघा, मागून बघा, तसाच. कुणी म्हणतं, आचेनं फीत आकसली म्हणून तसं दिसलं. असेलही. पण त्या जत्रेला हजर असलेला एकही माणूस मरेपर्यंत हे कबूल करायला तयार झाला नाही. मग त्याच्या छातीवर एक तांबडा ठिपका उमटला, मोठा झाला, पडदा लख्ख पांढरा झाला आणि गाडीवर आगीचा लोळ उठला. बायांनी पडद्यासाठी आणलेलं सगळं पाणी यंत्रावर ओतलं. सातवा डबा जळून गेला.

पिराजी हात भाजून खाली बसला होता. ठकूआई त्याच्यासमोर बसली. गावाला वाटलं, आता ही शिव्याशाप देणार.

"माझा न्हवं त्यो," ती म्हणाली.  मग म्हणाली, "पर कुनाचा तरी हाय की. पाच वर्सं मी कुना बाईच्या लेकाला हात करत हुते. तिला त्ये ठावंबी न्हाई. मग माझा केरूबी कुठल्या तरी पडद्यावर आसंल. तिथली येखादी बाई पडद्याला पानी मारत आसंल, त्याला हात करत आसंल. न्हाई का रं?"

पिराजीनं आयुष्यभर मनाला येईल ते सांगितलं होतं. या वेळी तो लहान पोरासारखा रडला.

तिसऱ्या दिवशी पळसाच्या पानांचा पुतळा केला. डावा हात ठकूआईनं स्वतः बांधला, हलक्या गाठीनं, आणि पुतळा अग्नीच्या हवाली केला. महिन्यानं गौराचा भाऊ आला. ठकूआईनं सुनेला नवं लुगडं नेसवलं, ओटी भरली आणि लेकीसारखी शिवेपर्यंत पोचवायला गेली. गौरा वळून वळून बघत होती. ठकूआईनं हात वर केला. डावा. लेकाच्या ज्या हातावर तिनं उलथनं मारलं होतं, त्याच बाजूचा. गौराही डावाच हात करत गेली, दिसेनाशी होईपर्यंत. तिचा संसार चांगला झाला, तिला नातवंडं बघायला मिळाली.

पिराजी उरलेले सहा डबे घेऊन पुढं गेला. लाम हा शब्द त्यानं पुन्हा काढला नाही. पण प्रत्येक गावी चित्र सुरू करण्याआधी तो बायकांच्या अंगाला जाऊन सांगायचा, "उजवं ते डावं, डावं ते उजवं, ध्यानात ठेवा बायांनो." कुठं मेला, कुणाला माहीत नाही. तीन गावं सांगतात, की आमच्याकडं. आणि तिन्ही गावांत अकरा धोतरांचा पडदा आहे. असं म्हणतात, की मेला तेव्हा त्याचा चेहरा चांगली झोप लागलेल्या माणसाचा होता. एवढं मात्र मला खरं वाटतं.

आज बोरजाईवाडीला डांबरी रस्ता आहे, दिवसातून चार एसट्या आहेत. जत्रेला साताऱ्याहून पडदा येतो, प्लास्टिकचा. तरी चित्र सुरू होण्याआधी गावातली एक म्हातारी तांब्या घेऊन येतेच आणि पडद्यावर पाणी मारते. ऑपरेटर बोंबलतो, वायरी भिजतील म्हणून. पोरं ओरडतात, "उजवं ते डावं, डावं ते उजवं!" आणि मगच चित्र लागतं.

परगावी तुम्ही डाव्या हातानं निरोप द्याल तर लोक रागावतील. बोरजाईवाडीत फौजेत निघालेल्या पोराला, सासरी निघालेल्या लेकीला, पुण्याला शिकायला निघालेल्या मुलीला डावाच हात करतात. आणि तेवढ्यावर थांबत नाहीत. विहिरीजवळ धुणं धुणाऱ्या बायका जाणाऱ्या प्रत्येक गाडीला हात करतात. आत कोण बसलंय, कुठला आहे, कुठं चाललाय, काही ठाऊक नसतं. काही वेळा आतून कुणी हात करतं, काही वेळा नाही. कधी त्या रस्त्यानं गेलात तर खिडकीतून तुम्हीही करा. कुठला हात केलात हे तिथं कुणी बघत नाही.